उजव्या खांद्याचा डावा हात

गल्लीत तिला नावाने कोणी ओळखत नव्हतं. पोस्टमन पाकिटावरचं नाव वाचत दारोदार फिरायचा आणि समोरचा शिंपी "अहो, हातवाली ती! ते बघा निळं दार," म्हणाला की बिचाऱ्याचा जीव भांड्यात पडायचा.

हातवाली म्हणजे हात करणारी. मूर्तींचे हात. मूर्ती हलवताना दाराच्या चौकटीला घासली, पुसताना कुणाचं कोपर लागलं, टेम्पोत नीट बांधली नाही, की पहिला बळी हाताचाच जातो. त्यानंतर नाकाचा. पण नाकाचं काम ती घ्यायची नाही. "नाक बदललं की माणूस बदलतो, मग नातेवाईक भांडायला येतात," असं तिचं म्हणणं. आता बुद्धाचे नातेवाईक कोण, हे तिला विचारायची कुणाची छाती नव्हती.

मागची खोली हा तिचा कारखाना. उत्तरेच्या खिडकीखाली लांब बाक, त्यावर डागाळलेलं मेणकापड, वाट्यांमध्ये चाळून ठेवलेली दगडाची पूड, तारांचे तुकडे, दंतवैद्याने टाकून दिलेली बारीक हत्यारं. आणि भिंतीवर तीन फळ्या भरून हातच हात. उघडे, मिटलेले, वर केलेले, मांडीवर ठेवायचे. एकदा विम्याचा माणूस चुकून त्या खोलीत शिरला आणि अर्धा कप चहा टाकून निघून गेला. हा किस्सा सांगणं हा तिच्या नवऱ्याचा निवृत्तीनंतरचा मुख्य उद्योग. आणि दर वेळी सांगताना कपात उरलेला चहा वाढत जायचा. हल्ली तर त्या माणसाने कपाला हातही लावलेला नसतो.

नवरा बसड्रायव्हर होता. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली तरी गल्ली त्याला ड्रायव्हरसाहेबच म्हणते, आणि तोही बाजारात जाताना वळणावर उजवा हात बाहेर काढतो.

धंदा मूळचा सासऱ्यांचा. म्हातारा जिभेने तिखट आणि हाताने मऊ. मुलाला हत्यारापेक्षा स्टिअरिंग प्रिय, म्हणून लग्न होऊन आलेल्या सुनेला त्यांनी बाकासमोर बसवलं. बाई घरात आल्या आल्या लोक तिला स्वयंपाकघर दाखवतात. हिला मामंजींनी पहिल्या दिवशी वीस तुटके हात दाखवले.

"चेहरा बघू नकोस, पोरी," ते म्हणायचे. "चेहरे सगळ्यांचेच शांत. हात काय करतोय ते बघ. हा बघ, उजवा हात खाली, बोटं जमिनीला टेकलेली. ध्यान मोडायला आलेल्या माराने विचारलं, इथं बसायला तू लायक आहेस याला साक्षीदार कोण? बुद्धाने कुणाला बोलावलं नाही, नुसता जमिनीला हात लावला. झाली साक्ष."

"आणि हे दोन्ही मांडीत?"

"ध्यान. पण इथे घाई करायची नाही. तीर्थंकरांचेही हात असेच असतात. मग छातीवर श्रीवत्साची खूण आहे का बघ, बैठकीवर बैल, सिंह, काही लांछन, म्हणजे त्यांचं चिन्ह, कोरलंय का बघ. नाहीतर जैन गृहस्थांची मूर्ती विहारात पाठवशील, विहारातली त्यांच्या घरी, आणि दोघंही सज्जन असल्यामुळे काही बोलणार नाहीत. मरेपर्यंत आपल्याला कळायचं नाही."

म्हाताऱ्याला असं शिकवताना भरतं यायचं. म्हणायचा, खूप जुन्या काळी तर बुद्धाची मूर्तीच करत नसत. एक झाड काढायचे, त्याखाली रिकामं आसन. नाहीतर दोन पावलं. नाहीतर चाक. पाहणाऱ्याने ओळखायचं की इथे कोण बसलंय.

दारात उभा राहून नवरा विचारायचा, "मग बाबा, तेव्हा आपलं घर कशावर चालायचं?"

"म्हणून तर मूर्ती आली, गाढवा!"

सगळ्यांत जास्त काम यायचं वर केलेल्या उजव्या हाताचं. अभयमुद्रा. पंजा समोर, बोटं वर. भिऊ नका, असं सांगणारा हात. तो अंगापासून सुटा असतो, म्हणून सगळ्यांत आधी तोच मोडतो. इतरांना धीर देणाऱ्यांचं हे असंच होतं, असं सासरे म्हणायचे आणि सासूकडे बघायचे. सासू बघायची नाही.

नवऱ्याला मात्र तो हात पहिल्यापासून वेगळाच वाटायचा. "हा 'थांबा' म्हणतोय," तो सांगायचा. "बसच्या खिडकीतून मी असा पंजा काढला तर मागचा ट्रकवाला ब्रेक मारतो. 'भिऊ नका' म्हणून कुणी अंगावर येत नाही."

हात करायची मामंजींची एक रीत होती आणि ती मोडायची परवानगी नव्हती. उजव्या हातात हत्यार असतं, तेव्हा नमुना म्हणून धरायला उरतो डावा. तो आरशासमोर धरायचा. आरशात डाव्याचा उजवा होतो. हाताकडे बघायचं नाही, आरशाकडे बघून करायचं. बाकाच्या कडेला लाकडी चौकटीतला आरसा त्यासाठीच खिळ्याने ठोकलेला असायचा, आणि घरातल्या बायकांनी त्यात कुंकू लावलं तर म्हातारा दिवसभर धुसफुसायचा.

हातवाली चोवीस वर्षांची असताना विहारातून काम आलं. दगडाची मूर्ती, बसलेली, माणसाच्या कमरेइतकी उंच. कुणीतरी दान दिलेली. उजवा हात कोपरातून वर उचललेला आणि मनगटापाशी तुटलेला. कोपर वर म्हणजे अभय, यात शंका नव्हती. उद्घाटनाला नऊ दिवस. सासऱ्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला, ते काम करू शकत नव्हते. "माझी सून करील," त्यांनी भंतेजींना सांगून टाकलं, तिला न विचारता.

तिचं मूल तेव्हा आठ महिन्यांचं. रांगत कारखान्यात येऊन आरशातल्या बाळाशी खेळायचं. सातव्या दिवशी त्याने खिळ्यासकट आरसा ओढला. मुलाला खरचटलंही नाही, आरशाचे मात्र बारा तुकडे झाले. नवा आणायला वेळ कुणाला? तोवर मनगट आणि तळव्याचा ओबडधोबड गोळाच झाला होता; पाचही बोटं तिने तशीच केली. डावा हात डोळ्यांसमोर धरला, बघितलं, केलं. बघितलं, केलं. एका मांडीवर मूल झोपलेलं. हात सुंदर झाला. बोटांची पेरं, तळव्यावरचं चाक, मनगटाची घडी, कशाला म्हणून नाव ठेवायला जागा नव्हती. सासऱ्यांनी बोटांनी चाचपून पाहिला. मोतीबिंदूवाला माणूस पोत तपासतो, कड तपासतो. पाच बोटं मोजतो. अंगठा कुठल्या बाजूला आहे, हे कुणी चाचपून बघतं का? हात तारेवर बसवला, सांधा भरला, मूर्ती गेली, उंच चौथऱ्यावर बसली, आणि लोकांनी माना खाली घालून नमस्कार केला.

महिन्याभराने ती विहारात गेली तेव्हा तिने मान वर केली. केसांची बट मागे सारायला उजवा हात उचलला होता, तो तिथेच राहिला; पंजा मूर्तीसारखा समोर फिरवून पाहिला. तिचा अंगठा आत, स्वतःच्या चेहऱ्याकडे. मूर्तीचा अंगठा बाहेर, खिडकीकडे. उजव्या मनगटाला तिने डावा हात लावून दिला होता.

घरी जाऊन सांगायचंच, असं ठरवून ती तरातरा आली, तर सासरे ओट्यावर बसून शिंप्याला सांगत होते, "मी चाळीस वर्षांत असा हात केला नाही. माझ्या सुनेने केलाय." शिंप्याने तिच्याकडे पाहून हात जोडले. आता तुम्हीच सांगा, अशा वेळी कुठल्या सुनेचं तोंड उघडेल? उद्या सांगू म्हणाली. उद्याचे सहा महिने झाले आणि मामंजी गेले.

त्यानंतर छत्तीस वर्षं तिने एकही हात उलटा केला नाही. नवा आरसा दोन खिळ्यांनी ठोकला. विहारात जायची, पण खांबाच्या मागे बसायची. लोकांना वाटायचं, केवढी नम्र बाई!

आणि गंमत अशी की लोकांनी अंगठा पाहिलाच नाही असं नव्हे. पाहिला. फक्त चूक म्हणून पाहिला नाही.

सुरुवात झाली दवाखान्यातल्या आयापासून. तीस वर्षं रोग्यांची उस्तवारी करणारी ही बाई एकदा फार खचून भंतेजींकडे आली. आधीचे भंतेजी जाऊन हे नवे आले होते. हिने विचारलं, या मूर्तीचा अंगठा बाहेर का? भंतेजींनी प्रामाणिकपणे सांगितलं, ठाऊक नाही, तुम्हाला काय वाटतं? आया म्हणाली, "मला वाटतं, स्वतःकडे काही ठेवत नाही म्हणून." डोळे पुसून कामावर गेली. ही गोष्ट तिने आणखी चौघींना सांगितली. हळूहळू अंगठ्याचं नाव झालं. परगावची माणसं चपला काढता काढता विचारायची, तो बाहेरचा अंगठा हाच ना?

मग आल्या भिंगवाल्या मॅडम. या कॉलेजात जुनं शिल्प शिकवतात आणि पर्समध्ये लिपस्टिकच्या जागी भिंग बाळगतात. त्यांनी मूर्ती तीन दिवस पाहिली, मोजली, फोटो काढले आणि हात कुणी केला याचा माग काढत निळ्या दारापाशी आल्या.

"मावशी, हा अंगठा असा का?"

हातवालीच्या हातात चहाचा ट्रे होता. तिने तो ठेवला. छत्तीस वर्षांत पहिल्यांदाच कुणीतरी सरळ तिलाच विचारत होतं. आणि तिच्या तोंडून गेलं, "मामंजींना माहीत होतं. त्यांनी सांगितलं तसा केला."

झालं. मॅडमचे डोळे चमकले. दोन महिन्यांत पुस्तिका तयार झाली. त्यात लिहिलं होतं की सामान्य अभयमुद्रेत अंगठा स्वतःकडे वळतो, इथे तो स्वतःपासून दूर जातो; 'मी' म्हणून काही नाहीच, हा अनात्माचा विचार शिल्पकाराने एका बोटात मांडला आहे; आणि हे ज्ञान एका वृद्ध कारागिराकडे पिढ्यान्‌पिढ्या गुप्तपणे चालत आलं होतं. मुद्रेला मॅडमनी नावही दिलं: बहिर्मुख अभय.

ज्या म्हाताऱ्याने उभ्या जन्मात एक बोट वाकडं केलं नाही, त्याच्या नावावर तिने आपली चूक जमा करून टाकली होती. पुस्तिका नवऱ्याने मोठ्याने वाचून दाखवली आणि शेवटी म्हणाला, "बाबांकडे गुप्त ज्ञान होतं? बाबांना बाजारातून आणलेल्या भाजीचा भावसुद्धा गुप्त ठेवता येत नव्हता."

यावर हातवालीच्या सुनेने हसायला हवं होतं. ती हसली नाही. ती अभिमानाने फुलली होती. ही सूनबाई तिसऱ्या पिढीची. मुलगा औषधांच्या कंपनीत, महिन्यातले वीस दिवस फिरतीवर, आणि बाकावर पुन्हा एक सून. साचे घेण्यात तिचा हात धरणारं कोणी नाही. रबराचा साचा असा घेते की दगडावरचा केससुद्धा उमटतो. पुस्तिकेमुळे तिला तिच्या स्वतःच्या नावावरचं पहिलं मोठं काम मिळालं होतं. वेगवेगळ्या गावांतल्या लहान विहारांसाठी त्या मूर्तीच्या एकवीस प्रतिकृती. हातासकट. हातासाठीच.

"आई, ही मुद्रा मला का नाही शिकवलीत?" तिने विचारलं. "आठ वर्षं झाली मला या घरात. की माझ्यावर भरवसा नाही?"

"आहे गं."

"मग आजेसासऱ्यांनी काय सांगितलं होतं, नक्की शब्द सांगा. मला एकवीस वेळा तो अंगठा करायचाय. अर्थ माहीत नसताना कसा करू?"

हातवालीने पूड चाळायला घेतली. पूड आधीच चाळलेली होती.

दुपारी तिने नवऱ्याला सगळं सांगितलं. छत्तीस वर्षांत पहिल्यांदा. ड्रायव्हरसाहेब वर्तमानपत्राची घडी घालून ऐकत राहिला. मग म्हणाला, "एकदा माझा रस्ता चुकला होता, आठवतं? नवीन गाडी, नवीन मार्ग, मी तळ्याच्या बाजूने नेली. कुणी बोललं नाही. दुसऱ्या दिवशी प्रवाशांनी डेपोत अर्ज दिला, की कालचा मार्ग चांगला आहे, तोच ठेवा. अजून बस तिकडूनच जाते."

"म्हणजे बोलू नको म्हणता?"

"म्हणजे मला काही कळत नाही म्हणतो. पण मी डेपोत जाऊन साहेबांना सांगितलं होतं, की मी चुकलो. साहेब म्हणाले, गप्प बस, तुझ्यामुळे माझं कौतुक होतंय." त्याने वर्तमानपत्र पुन्हा उघडलं. "मी सांगितलं होतं, एवढंच."

"तुम्ही एकदा रस्ता चुकलात. मी सांगितलं नाही तर पोरीच्या हातून एकवीस हात चुकणार. आणि ते तिला बरोबर वाटणार. सांगितलं, तर तिचं काम जाणार."

"आणि तुझं नाव."

"माझं नाव पोस्टमनलाही माहीत नाही," ती म्हणाली. पण आवाज बरोबर नव्हता, आणि त्या दिवशी ड्रायव्हरसाहेबांनी विम्याच्या माणसाचा किस्सा कुणालाच सांगितला नाही.

साचा घ्यायचा दिवस उजाडला. सकाळी नऊला विहाराचा हॉल भरला होता. मूर्ती छत्तीस वर्षांत पहिल्यांदा चौथऱ्यावरून उतरवून मोठ्या टेबलावर ठेवली होती. भंतेजी एका बाजूला चटईवर. आया पहिल्या रांगेत, ड्यूटी संपवून थेट आलेली, गणवेशातच. तीसेक माणसं. भिंगवाल्या मॅडम मूर्तीशेजारी उभ्या राहून समजावून सांगत होत्या. सूनबाई हातमोजे घालून बादलीत रबर ढवळत होती. त्यात कडक करणारं औषध पडलं, की वीस मिनिटं. तेवढ्यात ते मूर्तीवर चढवायचं. नाहीतर बादलीतच दगड होतो.

हातवाली खांबाच्या मागे बसली होती. सवयीने.

"या अंगठ्याकडे बघा," मॅडम म्हणाल्या. "हे शिकवणारे गुरू निरक्षर होते, पण त्यांच्या बोटांना तत्त्वज्ञान कळत होतं. एकवीस गावांत आता हा अंगठा जाईल."

सूनबाईने औषध ओतलं. घड्याळाकडे पाहिलं. कुंचला बुडवला. आधी हातापासूनच सुरुवात करणार होती. तिने कुंचला उचलला आणि मनापासून, लहान मुलासारखं हसून सासूला शोधलं.

त्या हसण्यानेच घात केला.

"थांब," हातवाली म्हणाली. "लावू नकोस."

"आई, घट्ट होईल ते. वीसच मिनिटं आहेत."

"होऊ दे." ती खांबाच्या पुढे आली. गुडघे दुखत होते, टेबलापर्यंत पोहोचायला वेळ लागला. "तो हात डावा आहे."

हॉलमध्ये कुणालाच कळलं नाही. मॅडम समजुतीच्या सुरात म्हणाल्या, "नाही मावशी, उजवा आहे. बघा ना, उजव्या खांद्यापासून..."

"खांदा उजवा आहे. हात डावा आहे. आरसा फुटला होता. मी माझ्या डाव्या हाताकडे बघून केला. मामंजींनी मला काही सांगितलं नव्हतं. त्यांना दिसत नव्हतं, नाहीतर हत्यार फेकून मारलं असतं. तुम्ही घरी आलात तेव्हा मी खोटं बोलले."

एवढं बोलून तिने टेबलाची कड धरली.

आणि मग हॉलमध्ये एक गोष्ट घडली. कुणी ठरवली नव्हती. पहिल्या रांगेतल्या कुणीतरी खरं-खोटं करायला स्वतःचा उजवा हात वर केला, पंजा समोर धरला आणि अंगठा पाहिला. त्याचं पाहून शेजारच्याने. मग मागच्या रांगेने. पाण्याची बाटली खाली ठेवून, पर्स काखेत घेऊन, चष्मा सावरून, एकेक पंजा वर आला. भंतेजींनी केला. मॅडमनी भिंग डाव्या हातात घेऊन केला. तीस माणसं उजवे पंजे तिच्याकडे करून बसली होती, तोंडं उघडी, आपापले अंगठे बघत. टेबलावरची मूर्ती त्यांतलीच एक, फक्त तिचा अंगठा तेवढा वेगळा.

हातवाली त्या पंजांकडे बघत राहिली. आयुष्यभर तिने ही मुद्रा केली होती, आणि तिच्याकडे तोंड करून ती कुणी कधी धरली नव्हती. तिला हसू आलं. रडूही आलं. ते दोन्ही तिने पदराने पुसलं.

"माझी पुस्तिका छापून झालीय," मॅडम बारीक आवाजात म्हणाल्या. हात अजून वर होता.

"मला माहितीय," हातवाली म्हणाली. "माफ करा. पण म्हाताऱ्याचं नाव काढून टाका त्यातून. चूक माझी, ती त्याच्या डोक्यावर नको."

मॅडमनी हात खाली घेतला. मग म्हणाल्या, "काढते. पण मग अंगठ्याचा अर्थ काय उरला?" त्यांनी कुणाला विचारलं ते कळलं नाही, बहुतेक भिंगाला.

उत्तर आयाने दिलं. ती अजून हात वर धरूनच होती. "मी इतकी वर्षं काय बघत होते मग?" तिने रागाने विचारलं. मग हात खाली घेतला, उलटा-सुलटा करून पाहिला आणि स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाली, "रोगी घाबरला की मी त्याचा हात धरते. उजवा की डावा, ते मी कधी बघितलं नाही. ज्याला सलाईन नसेल तो धरते."

कुणीतरी हसलं. भंतेजी हसले नाहीत, पण त्यांनी मान हलवली. फार हळू, जणू त्या वाक्याला जागा करून देत होते. मग ते उठून टेबलापाशी आले.

"ताई, आता काय करायचं? हात तुमचा आहे."

आता प्रश्न तिच्या विषयातला होता, आणि विषयातला प्रश्न आला की हातवालीची पाठ आपोआप ताठ होते. "साचा मनगटापर्यंत घ्यायचा," ती म्हणाली. "खरं तर नेहमी तसाच घेतात. हात वेगळा करायचा, उजवा. एकवीसही उजवे. आणि हा मी आत्ता काढते. सांधा कुठे आहे ते मला माहीत आहे."

"काढायलाच हवा का?" आया म्हणाली.

"हवा," हातवाली म्हणाली. "तुम्हाला त्यात जे दिसलं ते तुमचं. ते मी कशी काढू? मी फक्त अंगठा काढतेय."

भंतेजींनी गावोगावच्या विहारांना कळवायची जबाबदारी घेतली. ज्यांना बाहेरच्या अंगठ्याचीच मूर्ती हवी होती ते माघार घेतील. बाकीच्यांना उजव्या हाताची मिळेल. किती उरतील हे त्यांनाही ठाऊक नव्हतं. सूनबाई हे सगळं ऐकत होती. तिच्या पुढ्यातल्या बादलीत रबराचा दगड झाला होता. ढवळायची काठी त्यात उभीच्या उभी रुतली होती.

हातवालीने दंतवैद्याचं हत्यार पिशवीतून काढलं. सांधा सापडायला वेळ लागला नाही. छत्तीस वर्षांची पूड भुरूभुरू टेबलावर पडली, तार मोकळी झाली आणि हात तिच्या हातात आला. आपल्या डाव्या हाताजवळ तिने तो धरला, आणि तो तंतोतंत जुळला. तेवढं तिला कुणाला दाखवायचं नव्हतं. पण सुनेने पाहिलं.

माणसं पांगली. मॅडम कोपऱ्यात बसून पुस्तिकेच्या पानांवर पेन्सिलीने रेघा मारत होत्या. सूनबाईने हातमोजे काढले, बादली उचलली आणि दाराकडे निघाली. सासू मागोमाग. बाहेर कडक ऊन होतं. रिक्षा दिसत नव्हती.

"अख्खी बादली गेली," सूनबाई म्हणाली. तिने सासूकडे बघितलं नाही.

"हो."

"सकाळी घरी सांगितलं असतंत तर गेली नसती."

"हो."

"मला आठ वर्षं वाटत होतं, तुमच्या हातून कधी चुकत नाही. मी किती घाबरून बसायची त्या बाकावर, माहितीय? एक पेर जाड झालं तरी आधी लपवायची, मग दुसरं करायची."

हातवालीने हे कधी ऐकलं नव्हतं. ती रस्त्याच्या कडेलाच थांबली.

सूनबाईही थांबली. मग तिने बादली दुसऱ्या हातात घेतली आणि त्याच धारदार आवाजात, पण जरा वेगळ्या सुरात विचारलं, "खरं सांगा आई. अजून कुठे कुठे चुकलंय?"

"एकूण?"

"एकूण."

हातवालीने एक बोट मुडपलं. मग दुसरं. थोडा विचार करून तिसरं. चौथ्या बोटाला सूनबाईने बादली खाली ठेवली आणि तिच्याच काठावर बसली.